मागे राहिलेल्यांचे आख्यान

श्रीएकनाथमहाराजांचे चरित्र सांगताना आम्ही कीर्तनकार मंडळी एका ठिकाणी फार घाई करतो. बारा वर्षांचा एकनाथ पैठणास रात्री शिवालयात बसला असता त्याला आज्ञा झाली की, देवगिरीस जनार्दनपंतांकडे जा. आणि तो मुलगा घरी कोणास न सांगता तसाच निघाला. येथे टाळकरी ठेका धरतात, मृदंगी हात मोकळा करतो, आणि पुढच्या क्षणी आम्ही श्रोत्यांना देवगिरीच्या दरवाज्यात नेऊन उभे करतो. गुरुभेटीची तळमळ पाहा, लहान वयातले वैराग्य पाहा! मी स्वतः चाळीस वर्षे हे असेच सांगत आलो. त्या रात्री पैठणच्या घरी काय झाले असेल, इकडे मी कधी मान वळवून पाहिले नव्हते. ते मला एका बाईने पाहावयास लावले, म्हणून हा लेख लिहावयास बसलो आहे.

दोन वर्षांपूर्वी आमच्या जिल्ह्यातील एका गावी सप्ताहात माझी सेवा होती. दुसऱ्या दिवशी सकाळी गावातले दोघे भाऊ भेटावयास आले. बरोबर त्यांच्या धाकट्या भावाची बायको होती. ती दाराशीच उभी राहिली. तो धाकटा भाऊ तेरा वर्षांपूर्वी, चौतीस वर्षांचा असताना, सकाळी दूध घालून येतो म्हणून डेअरीवर गेला तो परत आला नाही. दुधाची नोंद वहीत होती, रिकामी किटली कट्ट्यावर होती, माणूस नव्हता. भांडण नाही, डोक्यावर फारसे कर्ज नाही, चिठ्ठी नाही. शिर्डी पाहिली, नाशिक पाहिले, पंढरपूर पाहिले. दवाखाने आणि रेल्वेची फलाटे पाहिली. काही नाही. थोरला म्हणाला, "महाराज, तेरा वर्षं झाली. आता क्रिया करून टाकावी म्हणतो. जमिनीचंही अडलंय. ही ऐकत नाही. तुम्ही संस्कृत शिकलेले, तुम्ही सांगितलं म्हणजे ऐकेल."

मी विचारले, "बारा वर्षे उलटली ना? मग करा की."

ती बाई एवढेच म्हणाली, "महाराज, क्रिया झाल्यावर ते आले तर?"

अहो, चाळीस वर्षे व्यासपीठावर उभे राहिलेल्या माणसाला या प्रश्नापाशी थोडे थांबावयास काय हरकत होती? पण मला काल्याच्या कीर्तनाची घाई. मी म्हणालो, "माउली, आता आशा सोडावी. आशा हेच बंधन आहे." वाक्य गोळीबंद होते. तिने खाली वाकून नमस्कार केला आणि निघून गेली. एस.टी.त बसल्यावर मात्र तिचा प्रश्न माझ्याबरोबरच होता. संभाजीनगर येईपर्यंत उतरला नाही. घरी आलो आणि धर्मसिंधू काढला.

हा ग्रंथ आपल्या पंढरपूरचा आहे. काशिनाथशास्त्री उपाध्याय, ज्यांना लोक बाबा पाध्ये म्हणत, त्या विठ्ठलभक्ताने तो १७९० साली रचला. त्याच्या आधीचा निर्णयसिंधू १६१२ सालचा, कमलाकरभट्टांचा. ते भट्टघराणे मूळचे आमच्या पैठणचे, पुढे काशीस जाऊन राहिलेले. जो परगावी गेला आणि ज्याची काही वार्ताच नाही त्याचे काय करावे, हा विषय या धर्मशास्त्रात नीट हाताळलेला आहे. मला बारा वर्षांचा नियम तोंडपाठ होता. पण तो एक पक्ष झाला. सरसकट बारा, आणि वडिलांसाठी मुलाने पंधरा वर्षे थांबावे, असे एक वचन. दुसऱ्या वचनात हरवलेल्याचे वय पाहावयास सांगितले आहे: पूर्ववयात गेला असेल तर वीस वर्षे, मध्यम वयात पंधरा, आणि उतारवयात बारा. म्हणजे तरुण माणसाची वाट अधिक पाहावयाची, कारण तो परत येण्यास आयुष्य शिल्लक आहे. चौतीस हे पूर्ववय धरा की मध्यमवय, त्या बाईच्या नवऱ्याला हा दुसरा पक्ष धरला तर मुदत सरलेलीच नव्हती. ग्रंथ न उघडता मी माझ्या सोयीचा पक्ष तिच्या पदरात टाकला होता.

मुदत संपल्यावरचा विधी असा. देह नाही, म्हणून पळसाचे ३६० देठ घेऊन त्यांचा मनुष्याकार मांडावयाचा, डोक्याच्या जागी नारळ, आणि त्या प्रतिकृतीला अग्नी द्यावयाचा. याला पर्णशरदाह म्हणतात. मृत्यूची तिथी ठाऊक नसेल तर घरातून निघाल्याची तिथी धरावी असेही सांगितले आहे. हे सर्व मला माहीत होते. परंतु त्यापुढचा भाग मी विद्यार्थिदशेत वाचून विसरून गेलो होतो. तो असा की, दहन झाल्यावर तो माणूस जिवंत परत आला तर काय करावे, याचाही विधी आहे! त्याला तुपाच्या कुंभात बुडवून बाहेर काढावयाचे, जणू आत्ताच जन्मला; मग जातकर्मापासून सर्व संस्कार पुन्हा करावयाचे, आणि पहिल्याच पत्नीशी त्याचा पुन्हा विवाह लावावयाचा. हसू येते खरे. साठीचा बाप तुपात बुडून वर येतो आहे आणि नातवंडे त्याच्या बारशाला जमली आहेत, असे चित्र डोळ्यांपुढे उभे राहते. पण हसून झाल्यावर विचार करा. ज्या शास्त्राला आपण कठोर म्हणतो त्याने दार लावले खरे, पण कडी घातली नाही.

मी त्या गावी दूरध्वनी केला. बाईला बोलावून घेतले. म्हटले, "माउली, माझे चुकले. अजून मुदत आहे असा पक्ष ग्रंथात आहे. आणि क्रिया झाल्यावर आलाच, तर त्याला घरात घेण्याची वाटही लिहिलेली आहे." ती बराच वेळ बोलली नाही. मग म्हणाली, "म्हणजे महाराज, शास्त्रालाही खात्री नव्हती."

नव्हतीच. ज्याची खात्री नाही त्याची खात्री असल्याचा आव शास्त्राने आणला नाही, आम्ही सांगणाऱ्यांनी आणला.

आता थोडे शब्दाकडे पाहू. पराशरस्मृतीत, पती नसता स्त्रीला दुसरा पती करण्याची मोकळीक ज्या पाच आपत्तींत सांगितली आहे, त्यांत पहिली आपत्ती 'नष्ट' आणि दुसरी 'मृत' अशी आहे. ईश्वरचंद्र विद्यासागरांनी १८५५ साली हेच वचन पुढे करून विधवाविवाहाची बाजू मांडली आणि १८५६ साली कायदा झाला, हे पुष्कळांना ठाऊक आहे. पण वाद 'मृत' या शब्दावर रंगला, 'नष्ट' शब्दाकडे फार थोड्यांनी पाहिले. मराठीत आपण नष्ट म्हणजे नाश पावलेला असे समजतो. संस्कृतात त्या धातूचा अर्थ 'न दिसणे' असा दिला आहे. नष्ट म्हणजे मेलेला नव्हे. नष्ट म्हणजे दिसेनासा झालेला, हरवलेला. तसे नसते तर स्मृतिकाराने त्याच ओळीत 'मृत' हा शब्द वेगळा कशाला घातला असता?

भगवान पाणिनींनी लोपाची व्याख्याही न दिसण्यावरूनच केली आहे. आणि पुढे एक सूत्र असे आहे की, प्रत्ययाचा लोप झाला तरी त्या प्रत्ययामुळे होणारे कार्य होतच राहते. पाठशाळेत आम्ही हे सूत्र घोकले ते परीक्षेपुरते. परंतु ज्या घरातले माणूस हरवले आहे त्या घरात जाऊन पाहा. तेथे हे सूत्र रोज चालते. भाकऱ्या करताना एक जास्त थापली जाते. रात्री कुत्रे भुंकले की सगळे दाराकडे पाहतात. मुलीच्या लग्नाच्या पत्रिकेवर नाव कसे छापावे यावर महिनाभर वाद होतो. माणूस दिसत नाही, पण घराचे सगळे व्याकरण त्याच्यामुळेच बदललेले असते. मेलेल्याचे दुःख मोठे असते, पण त्याला तेरावा दिवस असतो. याला तेरावा नाही.

अमेरिकेत पॉलिन बॉस नावाच्या विदुषी आहेत. व्हिएतनामच्या युद्धात बेपत्ता झालेल्या वैमानिकांच्या कुटुंबांचा अभ्यास त्यांनी १९७० नंतरच्या काळात केला, आणि ज्या हानीचा निकालच लागत नाही तिला एक स्वतंत्र नाव दिले. त्यांच्या म्हणण्याचा इत्यर्थ असा की, अशा माणसाला 'मनातून काढून टाक' असे सांगू नये. तो असेल आणि नसेल, या दोन्ही गोष्टी एकदम मनात धरून जगावयास त्याला शिकावे लागते. पानिपतावर १४ जानेवारी १७६१ रोजी भाऊसाहेब दिसेनासे झाले. त्यानंतर पुण्यास परत आलेल्या पार्वतीबाईंनी आपले वैधव्य मानले नाही, १७६३ साली देह ठेवीपर्यंत त्या सवाष्णच राहिल्या. त्यांना कोणी वेडे म्हटले असेलही. मला तरी त्या वेड्या वाटत नाहीत.

आता पैठणास जाऊ. एकनाथमहाराजांचे आईवडील ते अगदी लहान असतानाच वारलेले. आजोबा चक्रपाणी आणि आजी, या दोन म्हाताऱ्या माणसांनी नातवाला वाढविले. भानुदासांचे घराणे हे; ज्यांनी विजयनगराहून श्रीविठ्ठलाची मूर्ती पंढरीस परत आणली अशी आपली श्रद्धा आहे, त्यांचे. तरणा मुलगा गेला, सून गेली, आणि मागे हा एक अंकुर. त्याची मुंज झाली, तो पोथी ऐकावयास जाऊ लागला, शास्त्रीबोवांना प्रश्न विचारू लागला. म्हाताऱ्यांना वाटले असेल, पांडुरंगाने एवढे तरी ठेवले. आणि एका सकाळी अंथरूण रिकामे.

वाचकहो, या सकाळीपाशी थोडे थांबा. आजीने आधी काय केले असेल? न्हाणीघरात पाहिले असेल, मग गोदावरीच्या घाटावर गेली असेल. घाटावर गेल्यावर पाण्याकडे पाहिले असेल. ज्यांचे मूल हरवले आहे ती माणसे पाण्याकडे कशी पाहतात हे मी पाहिले आहे. चक्रपाणींनी घरोघर विचारले असेल, शिवालयाच्या पुजाऱ्याला विचारले असेल. संध्याकाळी दिवा लावताना दोघे एकमेकांशी बोलले असतील का? चरित्रकार सांगतात की दोघांनी फार शोक केला व पुष्कळ शोध केला. एका ओवीत हे उरकते आणि आपणही उरकतो.

आणि मुलगा होता कोठे? देवगिरीस! पैठणापासून आमचे संभाजीनगर पन्नास किलोमीटर, तेथून देवगिरी पंधरा. वीस कोसांवर नातू गुरूच्या कचेरीत हिशेबाच्या वह्या तपासतो आहे, एका पैची चूक सापडली म्हणून रात्री आनंदाने टाळ्या पिटतो आहे, आणि इकडे आजी आजोबांना तो जिवंत आहे की नाही हे माहीत नाही. पुढे शूलिभंजनास त्याने तप केले, तेही त्याच डोंगराच्या कुशीत. मी शूलिभंजनास कितीदा गेलो. तेथून पैठणची दिशा कोणती, हे मागल्या वर्षी प्रथमच कोणाला तरी विचारले.

नाथांना यात दोष द्यावयाचा माझा हेतू नाही, तेवढा माझा अधिकारही नाही. त्यांना बोलावणे आले आणि ते गेले. मला सांगावयाचे ते पुढचे आहे. आजोबांना कित्येक वर्षांनी सुगावा लागला तेव्हा ते म्हातारे पाय ओढीत देवगिरीस गेले. नातू तेथे नव्हता. तीर्थयात्रेस गेला होता. चक्रपाणींनी जनार्दनस्वामींपाशी भांडण केले नाही. त्यांनी एक पत्र मागून घेतले: एकनाथाने पैठणासच राहावे, अशा आज्ञेचे. ते पत्र घेऊन ते घरी आले आणि पुन्हा वाट पाहू लागले. पुढे यात्रा करून एकनाथ पैठणास आले, पण घरी न जाता गावाबाहेर पिंपळेश्वराच्या देवळात उतरले. म्हाताऱ्यांनी त्यांना तेथे गाठले आणि ते पत्र पुढे धरले. गुरूची आज्ञा वाचली त्या जागेवरून एकनाथ हलले नाहीत, तेथेच राहिले.

ते पत्र आजोबांनी किती दिवस उराशी बाळगले असेल! त्यांना नातू कोठे आहे हे कळले होते. तो परत येईल की नाही, हे कळले नव्हते. तरी त्यांनी त्याच्या येण्याची तयारी करून ठेवली. हातातला कागद नीट ठेवला, जेवले, झोपले, देवपूजा केली. वाट पाहणे म्हणजे उंबऱ्यावर बसून राहणे नव्हे, एवढे या म्हाताऱ्याकडून शिकता येते. भागवतावरची ती अजोड टीका, ती भारुडे, ती ज्ञानेश्वरीची शुद्ध प्रत, हे सगळे पैठणास झाले त्याला त्या कागदाचाही हात लागलेला आहे.

असे प्रत्येक घरी घडत नाही. नातू परत आला म्हणून हे आख्यान गोड लागते. म्हणून दुसरे सांगतो, आणि तेही आमच्याच जिल्ह्यातले.

आपेगाव पैठणापासून जवळ, गोदावरीच्या काठी. तेथले विठ्ठलपंत कुलकर्णी. सासर आळंदीचे, सिद्धोपंतांची कन्या रुक्मिणी ही पत्नी. विठ्ठलपंतांचे मन प्रपंचात नव्हते. गंगेवर जाऊ का, असे त्यांनी विचारले, तिने बेसावधपणी जा म्हटले, आणि त्यालाच अनुमती समजून ते काशीस जाऊन संन्यासी झाले, अशी कथा परंपरेने सांगतात. एका शब्दाचा केवढा भार त्या बाईवर! ज्यांचे माणूस असे गेले त्या प्रत्येकाच्या मनात असा एक शब्द असतो. मी त्या दिवशी रागावले होते. मी त्याला पैसे दिले नाहीत. मी जा म्हणाले. रुक्मिणीमातेने आळंदीस पिंपळाला बारा वर्षे प्रदक्षिणा घातल्या असे सांगतात. तो सुवर्णपिंपळ आपण माउलींच्या मंदिरात पाहतो आणि हात जोडतो. पुढे रामानंदस्वामी आळंदीस आले, तिने नमस्कार केला, त्यांनी पुत्रवती हो असा आशीर्वाद दिला, आणि सारा उलगडा झाला. विठ्ठलपंत परत आले.

परत आले, आणि मग काय झाले? गावाने वाळीत टाकले. चार मुले झाली, त्यांच्या मुंजी होईनात. शेवटी देहान्त प्रायश्चित्त म्हणून आईवडील दोघेही मुलांना सोडून गेले, ते पुन्हा दिसले नाहीत. निवृत्ती, ज्ञानदेव, सोपान, मुक्ताई, या चौघांनी लहान वयात तेच भोगले जे त्यांच्या आईने तरुणपणी भोगले होते. तेव्हा माणूस परत आले की सगळे मिटले असे समजू नका. येणाऱ्याला घेण्याची तयारी घराची असेल, पण गावाची असते का? तुपाच्या कुंभाचा विधी लिहिणाऱ्याला हे कळत होते. परत आलेल्यावर कोणी बोट ठेवू नये म्हणूनच त्याला नवा जन्म देण्याची ती युक्ती आहे, असे मला वाटते.

आणि जो कधीच आला नाही? त्याच्यासाठी देहूस चला. तुकोबारायांचे थोरले बंधू सावजी; पत्नी वारल्यावर ते तीर्थयात्रेस म्हणून निघून गेले, ते घरी परत आले नाहीत. म्हणजे तुकोबारायांनी आपल्या घरात हे दुःख पाहिलेले होते. धाकटे बंधू कान्होबा. घरातल्या खतांची वाटणी झाली तेव्हा कान्होबांनी आपला निम्मा वाटा घेतला आणि तुकोबांनी आपला इंद्रायणीत सोडला. मग १६५० सालच्या फाल्गुन वद्य द्वितीयेला महाराज वैकुंठास गेले. सदेह गेले, ही आपली निष्ठा आहे, आणि बीजेला देहूस आपण तो सोहळा करतो. परंतु सोहळा आपला. घराला काय राहिले? देह नाही, दहन नाही, अस्थी नाहीत. एका भावानंतर दुसरा भाऊ, आणि दोन्ही वेळा मागे कान्होबाच.

कान्होबांनी काय केले ते गाथेत पाहा. त्यांचे त्या वेळचे अभंग तुकोबांच्या अभंगांबरोबर छापलेले आहेत. आपण ते फार वाचीत नाही. त्यांत वैकुंठाचा आनंद थोडा आहे. कान्होबा देवाशी भांडतात. माझा भाऊ दे म्हणतात, तुला सोडणार नाही म्हणतात, मुलेबाळे दीनवाणी झाली म्हणतात. आणि नवल असे की संप्रदायाने हे अभंग गाळले नाहीत. ज्या गाथेत महाराजांचा जयजयकार आहे त्याच गाथेत 'का नेलास' हा हंबरडाही ठेवला आहे. यापुढे मी कोणाला 'आशा सोड' म्हणणार नाही. कान्होबा वाच म्हणेन.

जिजाबाई त्या वेळी गरोदर होत्या. नारायणबाबा नंतर जन्मले. ज्या बापाला डोळ्यांनी पाहिले नाही, त्याच्या पादुका पालखीत घालून त्यांनी १६८५ साली पंढरीची वाट धरली. आज लक्षावधी लोक त्या वाटेने चालतात.

आता व्यवहाराचे थोडे बोलतो, कारण त्या भावांचा प्रश्न जमिनीचाही होता आणि तो खोटा नव्हता. १८७२ च्या पुराव्याच्या कायद्यात असे होते की, ज्यांना एखाद्याची वार्ता साहजिक लागावयास हवी त्यांना सात वर्षे ती लागली नाही, तर तो जिवंत आहे हे तसे म्हणणाऱ्याने सिद्ध करावे. १ जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष्य अधिनियम आला, त्यातही सात वर्षे कायम आहेत. १९५५ च्या हिंदू विवाह कायद्यातही सात वर्षे वार्ता नसणे हे घटस्फोटाचे एक कारण आहे. पाहा, कायदाही तो मेला असे म्हणत नाही, फक्त भार इकडून तिकडे टाकतो. आणि माणूस समोर येऊन उभा राहिला की ते अनुमान गळून पडते. म्हणून मी त्या बाईला सांगितले, कोर्टाचा कागद आणि श्राद्धाचे पिंड यांची गल्लत करू नकोस. सातबारावर मुलाचे नाव लागण्यासाठी दिवाणी न्यायालयात जावयाचे असेल तर जा. त्या सहीने तू नवऱ्याला मारीत नाहीस. आणि क्रिया केव्हा करावयाची, करावयाची की नाही, हे तू आणि तुझा मुलगा ठरवा. दिरांनी ठरवू नये, मी तर नाहीच नाही. कुंकवाचा प्रश्न निघाला तेव्हा मात्र मला राग आला. कोल्हापूर जिल्ह्यात हेरवाड गावाने २०२२ च्या मे महिन्यात प्रत्यक्ष विधवेचेही कुंकू पुसावयाचे नाही असा ठराव केला, सरकारने तो कित्ता इतर गावांपुढे ठेवला. आणि येथे ज्याचे मरण कोणी पाहिले नाही त्याच्या नावाने शेजारणी हिच्या कपाळाकडे बघतात!

अंजन पाहणारे आणि कौल लावणारे यांच्या नादी मुळीच लागू नये. या कुटुंबाने दोन म्हशी विकून तो पैसा एका देवऋषीला दिला होता. तो म्हणे, उत्तरेला आहे, पाण्याजवळ आहे. अहो, भारतात पाण्याजवळ नसलेले गाव कोणते? पानिपतानंतर भाऊसाहेब म्हणवणारा तोतया उभा राहिला आणि १७७६ साली त्याच्या बंडात भलेभले सामील झाले, ते सगळे मूर्ख नव्हते. परत यावे ही इच्छा इतकी बळकट असते की ती समोरच्याचा चेहरा बदलून दाखविते. २०१३ पासून जादूटोण्याविरुद्ध कायदा आहे, त्याचा उपयोग करावा.

त्याउलट जे खरोखर करण्यासारखे आहे ते लवकर करावे. माणूस हरवले की चोवीस तास थांबावे लागते ही खुळी समजूत आहे. त्याच दिवशी पोलिसांत नोंद करावी. अठरा वर्षांखालील मूल असेल तर अपहरणाचा गुन्हा म्हणूनच नोंद घ्यावी, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१३ साली सांगितले आहे. छायाचित्र जुने झाले तरी फेकू नये. आणि एक गोष्ट आपल्या वारकऱ्यांसाठी. कर्जतला डॉ. भरत वाटवाणी आणि त्यांच्या पत्नी यांची श्रद्धा नावाची संस्था आहे, १९८८ साली सुरू झालेली. वाटवाणींना २०१८ साली मॅगसेसे पुरस्कार मिळाला. रस्त्यावर वेड्यासारखी फिरणारी माणसे उचलून आणून, औषधपाणी करून, बोलती झाली की नावगाव विचारून ते त्यांना घरी पोचवितात. म्हणजे देवळाच्या पायरीशी केस वाढलेला, स्वतःशी बोलणारा जो बसलेला असतो, तो कोणाच्या तरी घरातला डेअरीवर गेलेला मनुष्य असू शकतो. नाथांनी तहानेल्या गाढवाला काशीची कावड पाजली, हे आपण डोळ्यांत पाणी आणून ऐकतो. देवळाबाहेर पडताना त्या पायरीशी बसून एकदा नाव विचारावे. गाव विचारावे. सांगितले तर लिहून घ्यावे.

बाईने कोर्टाचे काम सुरू केले आहे. क्रिया केलेली नाही. गेल्या षष्ठीला पैठणास माझ्या कीर्तनाला आली होती. मी देवगिरीच्या दरवाज्याला जाण्याआधी पाऊण घटका आजीपाशीच थांबलो. मृदंगी माझ्याकडे पाहत राहिला, त्याला वाटले बुवा पद विसरले.

मुलगा आता एकवीस वर्षांचा आहे. आषाढीला नाथांच्या पालखीबरोबर आमच्या दिंडीत चालतो. नाव लिहून घेताना आमच्या विणेकऱ्यांनी त्याला विचारले, "वडिलांच्या नावाला कै. लावायचं का रे?" तो म्हणाला, "नाही काका. नुसतं नाव लिहा."